अकराव्या प्रकरणातली नावाडीण

पानाच्या मध्यावर नावाडीण बुडाली आणि माझी बोटं कळांवरच थांबली.

मी आधीची ओळ पुन्हा वाचली. मग हस्तलिखिताचं पान उलटून पाहिलं, पुढे कुठे ती वर येते का. येत नव्हती. पुढच्या पानावर राजाची धाकटी लेक, आटत चाललेल्या नदीचं पाणी परत आणायला निघालेली, एकटीच वल्हवत होती. दहा प्रकरणं मी त्या बाईबरोबर काढली होती. ती तंबाखू मळायची, नदीलाच शिव्या द्यायची, राजाच्या लेकीला 'ए पसेरी' म्हणून हाक मारायची. पसेरी म्हणजे पाच शेरांचं वजन. तिच्या तोंडची वाक्यं टाइप करताना मला हसू यायचं. आणि ती चार ओळींत गेली. भोवऱ्यातून नाव सुटावी म्हणून तिनं पाण्यात उडी घेतली आणि संपली. 'ओढीला ती लागत होती', एवढंच कारण खाली लिहिलं होतं.

"काय झालं वं? मशीन अडली काय?" बाईंनी त्यांच्या टेबलावरून विचारलं.

"नाही. रिबन सरकली," मी म्हणाले.

सत्तर सालानंतरची चार-पाच वर्षं उलटली होती तेव्हा. मी वीस वर्षांची होते. मॅट्रिक झाल्यावर नागपूरच्या सदरमधल्या एका टायपिंग इन्स्टिट्यूटमध्ये मराठी टायपिंग शिकले आणि इन्स्टिट्यूट चालवणाऱ्या बाईंनी मला तिथेच ठेवून घेतलं. इंग्रजीची नऊ यंत्रं होती, मराठीची दोन. सकाळ-संध्याकाळ परीक्षेला बसणाऱ्या मुलामुलींचा खडखडाट चालायचा. दुपारी मात्र बाहेरून आलेली कामं घेऊन मी आणि बाई, दोघीच. अर्ज, प्रतिज्ञापत्रं, सोसायट्यांचे अहवाल, कधी कुणाच्या षष्ट्यब्दीचं मानपत्र. बाईंचा एकच नियम होता. आपण टाइप करायचं, वाचायचं नाही. "वाचाले लागली की बोटं आपल्या मनचं घालतात," असं त्या म्हणायच्या. ते खरंच होतं. एका प्रतिज्ञापत्रात मी 'मयत' ऐवजी 'माहेर' टाइप करून बसले होते.

गुरुजी आमच्याकडे थंडीत आले. ते कळमेश्वरच्या एका शाळेत ड्रॉइंग शिकवायचे, आता निवृत्त झाले होते. घरची थोडी शेती, ती त्यांचा भाऊ पाहायचा. उंच, किडकिडीत माणूस. खांद्याला कापडी पिशवी, पिशवीत तेरा वह्या. अक्षर असं की टाइप करायचीच लाज वाटावी.

"माझं पुस्तक आहे. गोष्टीचं," ते बाईंना म्हणाले.

"लहान मुलांचं?"

"नाही. मोठ्यांचंच. फक्त देश खोटा आहे."

त्या देशाचा नकाशाही त्यांनी पिशवीतून काढून दाखवला. पाच रंगांच्या शाईत काढलेला. त्यात गावांना नावं नव्हती आणि पुस्तकातल्या माणसांनाही नव्हती. तिथे नाव माणसाची गोष्ट पुरी झाल्यावर ठेवायचे. मी नकाशात नदी शोधली, तर ती डोंगर चढत होती.

"गुरुजी, नदी उलटी काढली तुम्ही."

"उलटी नाही. आमच्या तिथं पाणी उताराकडे नाही जात. गोष्टीले जिकडं लागते, तिकडं जाते."

'आमच्या तिथं' असंच ते म्हणायचे. कळमेश्वरच्या पलीकडे दोन कोसांवर तो देश असावा, अशा सुरात.

त्या देशात एक शक्ती होती. तिला ते ओढ म्हणायचे. राजा तिच्यापुढे काही नाही, देवही नाही. सगळी माणसं, जनावरं, वारा, पाऊस एका मोठ्या गोष्टीत आहेत आणि त्या गोष्टीला जसं पुढे जायचं असेल तसं ओढ सगळ्यांना खेचते. दार वेळ आल्याशिवाय उघडत नाही, मग कुलूप असो की नसो. कुणी शोधायला निघालं की दोनदा चुकतं आणि तिसऱ्यांदा त्याला सापडतं. सांधेकरी नावाचे काही लोक होते, त्यांना ही ओढ मनगटात नाडीसारखी कळायची. आणि सगळ्यात मोठा कायदा असा की ओढीला लागल्याशिवाय कुणी मरत नाही. लढाईत बाण वाट सोडून जायचे. तीनतीनशे वर्षांचे म्हातारे ओट्यावर बसून असायचे, कारण गोष्टीला त्यांची गरज अजून पडलेली नव्हती. त्यातला एक म्हातारा मला फार आवडायचा. तो फक्त एका वाटसरूला 'डावीकडे' असं सांगण्यासाठी जगत होता. चौथ्या प्रकरणात राजाची लेक येते, रस्ता विचारते, तो 'डावीकडे' म्हणतो आणि समाधानानं आडवा होतो. मग गाव त्याचं नाव ठेवतं. ते पान टाइप करताना मला इतकं बरं वाटलं होतं की मी घरी जाऊन आईला ते सांगितलं.

एकदा मी गुरुजींना विचारलं, "ओढ म्हणजे देवच ना?"

"देवाले काही मागता येते, पोरी. ओढीले नाही मागता येत. तिले जे लागते, ते ती घेते. पण फुकट नाही घेत. हे ध्यानात ठेवजो. फुकट काहीच नाही घेत."

दर आठवड्याला ते एसटीनं यायचे, झालेलं प्रकरण खिडकीजवळच्या बाकावर बसून पेन्सिल हातात धरून वाचायचे, कार्बनच्या दोन्ही प्रतींवर चुका दुरुस्त करायचे आणि पुढची वही ठेवून जायचे. चैत्रात त्यांना भावाच्या घरच्या लग्नासाठी पंधरा दिवस जायचं होतं. म्हणून शेवटची तीन प्रकरणं ते एकदम देऊन गेले. अकरावं त्यातलंच.

मी ते का केलं, हे मला आजही नीट सांगता येत नाही. ती बुडाली त्याचा राग आला, हे खरं. पण राग येऊन माणूस यंत्र झाकून घरी जातो. मी तसं केलं नाही. मी नवा कागद लावला, मध्ये कार्बन घातले, उडीपर्यंत गुरुजींचं जसंच्या तसं टाइप केलं आणि पुढे माझं घातलं. मला ते पाठ आहे. 'पण तिच्या पायाला वाळू लागली. ती कमरेएवढ्या पाण्यात उभी राहिली, खोकली आणि ओरडली, माझ्याकडे काय पाहून राहिली वं पसेरी? वल्हं धर. पुढं तुझी तू जा. मग ती काठावर चढून ओलं लुगडं पिळत बसली.' ओढीचं वाक्य मी गाळलं. त्यानंतरची दोन प्रकरणं जशी होती तशी टाइप केली. त्यांत नावाडीण नव्हतीच.

बाईंना मी सांगितलं नाही. गुरुजी आले की सांगू, असं ठरवलं होतं. ते आले तेव्हा मी नुसते कागद पुढे केले. त्यांनी कागद घेतले, माझ्या आईची चौकशी केली, लग्नातल्या जेवणाची तक्रार केली आणि बाकावर जाऊन बसले.

मी यंत्रावर काहीतरी बडवत होते. काय टाइप करत होते देव जाणे. डोळा त्यांच्या पेन्सिलीवर होता. पेन्सिल ओळीओळीनं खाली येत होती. मग थांबली. वर गेली, पुन्हा त्याच जागी आली, पुन्हा थांबली. त्यांनी पिशवीतून वही काढली, पान शोधलं, दोन्ही शेजारी ठेवून पाहिलं. मग त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी मान खाली घातली.

आता ओरडतील, असं वाटलं. ते ओरडले नाहीत. त्यांनी बारावं प्रकरण उचललं आणि वाचायला लागले. मग तेरावं. स्वतःच लिहिलेलं, दहा वेळा वाचलेलं, ते अक्षर न् अक्षर वाचत होते. पाऊणेक तास गेला असेल. शेवटचं पान खाली ठेवलं तेव्हा त्यांचा चेहरा राखेसारखा झाला होता. कागद मांडीवरून घसरून फरशीवर पसरले आणि त्यांनी ते उचलले नाहीत.

"गुरुजी, पाणी आणू?" मी उठले.

"काहीच अडलं नाही," ते म्हणाले.

"काय?"

"तू तिले वाचवलं. अन् पुढं काहीच अडलं नाही. मी पाहिलं. दोन प्रकरणात एक अक्षर बदलावं लागत नाही. पोरगी वल्हवाले शिकतेच. नदी वर जातेच. पाणी येतेच."

मला क्षणभर वाटलं, ते माझं कौतुक करत आहेत. मी मूर्खासारखी हसलेही असेन. तेवढ्यात बाई आपल्या टेबलावरून उठून आल्या.

"काय केलं हिनं?" त्यांनी विचारलं.

गुरुजी माझ्याशीच बोलत होते, आवाज न चढवता, वर्गात रेघा कशा काढायच्या ते सांगावं तसे.

"नऊ वर्षं झाली. बाजाराचा दिवस होता. मी दोन पावलं पुढं होतो, माझी बायको मागं. ती बांगड्यांच्या दुकानापाशी थांबली. घ्यायच्या नव्हत्या, नुसत्या पाहाले. वावटळ आली. मी डोळे झाकले. अन् वरून दुकानाची पाटी सुटली. मी 'चल वं' म्हणून मागं वळलो, तर ती खाली होती."

बाईंनी खुर्चीचा हात धरला.

"लोक म्हणाले, वेळ आली होती. कायची वेळ? कोणाले तिचं मरण पाहिजे होतं? तिच्यामुळं कोणी वाचलं नाही. कोणी शहाणं झालं नाही. दुकानदारानं आठ दिवसांत दुसरी पाटी लावली. दोन पावलं इकडं राहिली असती, तर आम्ही भाजी घेऊन घरी गेलो असतो. मग मी हा देश काढला. म्हटलं, एक तरी जागा असू दे, जिथं कोणी फुकट मरत नाही. तिले तिथं नेलं. तिच्या मरणाले काम दिलं." ते माझ्याकडे पाहत राहिले. "अन् तू तीन ओळींत दाखवून दिलं, की तिथंही तिचं मरण लागत नव्हतं."

ते उठले. पिशवी घेतली, कागद तसेच फरशीवर ठेवून बाहेर पडले. बाहेर रस्ता उन्हानं पांढरा पडला होता. त्यात ते डोक्याला काही न बांधता चालत गेले आणि मी दारात उभी राहून पाहत राहिले. हाक मारायचं सुचलं नाही.

बाई मला बोलल्या नाहीत. बोलल्या असत्या तर बरं झालं असतं. त्यांनी कागद गोळा केले, क्रमानं लावले आणि कपाटात ठेवले. आठवडा गेला, गुरुजी आले नाहीत. दुसरा गेला. मला जेवण जाईना. आईला वाटलं, ऊन लागलं. मग एका सकाळी बाईंनी ते कागद माझ्या हातात दिले.

"कळमेश्वरले जा. पाय धर त्यांचे."

"तुम्ही चला ना बाई सोबत."

"मी काहून येऊ? बोटं तुझी होती."

कळमेश्वरला उतरून मी पत्ता विचारत गेले. अंगणात खाटेवर पांढरं लुगडं पसरलेलं आणि त्यावर एक तिशीतली बाई सोऱ्यानं कुरड्या घालत होती. ती गुरुजींची मुलगी. तिचा नवरा गावाजवळच्या कारखान्यात होता आणि दोघं गुरुजींपाशीच राहायची. मी टायपिंगवाली, गुरुजींच्या पुस्तकाची, असं सांगितलं.

तिचा हात सोऱ्यावरच थांबला. "पुस्तक? बाबा पुस्तक लिहून राहिले?"

मी गोंधळले. "तेरा वह्या आहेत, ताई. तुम्हाला माहीत नाही?"

"मले तर सांगतात, नागपूरले चष्म्याच्या डॉक्टरकडं जातो." तिनं घराकडे वळून हाक मारली. "बाबा! ही पोरगी काय म्हणून राहिली?"

गुरुजी छपरीत बसले होते. पंधरा दिवसांत माणूस निम्मा झाला होता. मी पायांवर डोकं ठेवलं आणि मला रडूच आलं. माफ करा, मी ते पान पुन्हा टाइप करून देते, तुमचं होतं तसं, असं काहीबाही बोलत होते.

"उठ," ते म्हणाले. "तुले तसं काहून वाटलं, ते सांग आधी. काहून वाचवलं तिले?"

"मले ती मराले नको होती."

"हं," ते म्हणाले. "मलेही."

ताई दारात उभी होती, हाताला पीठ तसंच. "कोण मराले नको होती?" तिनं विचारलं. "बाबा, कोणाबद्दल बोलून राहिले तुम्ही?"

गुरुजींनी फक्त माझ्याकडे पाहून मान हलवली. मला कळेना, वाचू म्हणतात की नको म्हणतात. मी अकरावं प्रकरण काढलं आणि वाचलं. 'काय पाहून राहिली वं पसेरी' या शब्दांशी आले, आणि ताई माझ्यासमोर येऊन बसली.

"पसेरी माय मले म्हणायची," ती म्हणाली. "लहानपणी जाडी होती ना मी. बाहेरच्या कोणालेच नाही माहीत हे. तुले कसं ठाऊक?"

मी गुरुजींकडे बोट दाखवलं. दहा प्रकरणं मी तो शब्द टाइप केला होता, हसले होते, आणि शेवटी माझ्या ओळींतही तोच घातला होता. तो कुणाचा आहे हे मला कुठे माहीत होतं?

ताई बापाकडे पाहत होती. तिचा चेहरा मी विसरणार नाही. राग होता, आणखीही बरंच होतं.

"नऊ वर्षं झाली बाबा, घरात मायचं नाव नाही काढलं तुम्ही. मी काढलं तर उठून जात होते. अन् तिकडं वह्या भरून राहिले होते? अन् नावाडीण केलं तिले? मायले पाण्याचं भेव होतं! नाल्याले घोटाभर पाणी आलं तरी माझा खांदा धरत होती!"

"माहीत आहे," गुरुजी म्हणाले. "तिथं तिले भ्यायचं काम नव्हतं."

ताई उठून आत गेली. आतून भांडी आदळल्याचा आवाज आला, मग काहीच आवाज आला नाही. मी निघाले तेव्हा गुरुजी म्हणाले, "पान तसंच राहू दे. तुझंच राहू दे." परतीच्या एसटीत मला हलकं वाटत होतं. ती वाचली, असं मी धरून चालले. काठावर बसून लुगडं पिळते आहे, कायमची.

आषाढात गुरुजी नवी वही घेऊन आले. बारावं प्रकरण त्यांनी पुन्हा लिहिलं होतं. वही ठेवली आणि थांबले नाहीत. जाताना एवढंच म्हणाले, "हे जसं आहे तसं टाइप करजो."

दुपारी मी यंत्रावर बसले. प्रकरण काठावर सुरू होत होतं. नावाडीण लुगडं वाळवते, उठते, बऱ्याच दिवसांनी जमिनीवर चालायला मिळालं म्हणून खूश होते. काठापासून थोड्या अंतरावर बाजार भरलेला असतो. ती बाजारात जाते. बांगड्यांच्या दुकानापाशी ती थांबते. घ्यायच्या नसतात. वारा सुटतो.

मी पुढची ओळ वाचली आणि किंचाळले. खरंच किंचाळले. बाई धावत आल्या.

त्यांनी वही हातात घेतली आणि उभ्याउभ्या वाचायला लागल्या. इतक्या वर्षांत त्यांनी गिऱ्हाइकाचा कागद असा वाचलेला मी पाहिला नव्हता. वाचत त्या खुर्चीत बसल्या. पुढचं आम्ही दोघींनी मिळून वाचलं.

पाटी पडते. बाजार थांबतो. त्या देशात असं कधी झालेलं नाही. सांधेकरी येतात, मनगटाला बोटं लावतात, आणि एकालाही ओढ लागत नाही. तिथली रीत अशी, की मेलेल्या माणसाभोवती उभं राहून तो कशासाठी गेला ते सांगायचं आणि मग नाव ठेवायचं. लोक उभे राहतात. कुणालाच सांगता येत नाही. ऊन उतरतं, तरी कुणी हलत नाही. तीनशे वर्षांचे म्हातारे ओट्यांवरून उठून येतात आणि भीतीनं एकमेकांचे हात धरतात, कारण आता आपणही कधीही असेच जाऊ, हे त्यांना पहिल्यांदाच कळतं. सुन्न झालेला सगळा देश गुरुजींनी सहा पानांत उभा केला होता. मग बांगड्यावाला म्हणतो, 'ती हिरव्या पाहत होती.' दुसरा म्हणतो, 'मागच्या साली तिनं मला फार वाईट शिवी दिली होती.' एक बाई म्हणते, 'तिला भाकरी जाड लागायची.' असं एकेक सांगत सांगत लोक तिचं नाव ठेवतात. नाव काय ठेवलं, ते पुस्तकात दिलेलं नाही. दुसऱ्या दिवशी नदीला पाणी येतं. आणि तिथे वाक्य होतं, 'पाणी आलं. तिच्यामुळे नाही.'

बाईंनी वही मिटून माझ्यापुढे ठेवली. चष्मा काढून पुसला.

"होईल तुझ्याकडून? नाहीतर मी करते."

"करते मी," म्हणाले.

तीन दिवस लागले. एरवी ते एका दुपारचं काम होतं. ती नदीत बुडाली असती तर निदान कुणासाठी तरी गेली असती. मी तिला पाण्यातून ओढून काढलं आणि त्या पाटीखाली नेऊन उभं केलं, हाच विचार डोक्यात घोळत होता. दर ओळीला बोटं दुसरीकडे जायची. मी त्यांना परत आणायची. एक काना, एक मात्रा इकडची तिकडे केली नाही.

गुरुजी घ्यायला आले तेव्हा मी नमस्कारसुद्धा केला नाही. "काहून केलं असं?" हेच पहिलं विचारलं.

"तू तिले काठावर आणून सोडलं ना?" ते म्हणाले. "काठावर बाजार असतो पोरी. मी नऊ वर्षं तिले नदीतच ठेवलं होतं. काठावर येऊच देत नव्हतो." ते बाकावर बसले, वाचायला लागले. पेन्सिल पिशवीतून काढलीच नाही. वाचता वाचता एका जागी हसले. बहुतेक जाड भाकरीशी.

पुस्तक छापून आलं नाही. एका प्रकाशकानं सहा महिने ठेवून घेतलं आणि परत पाठवलं. सोबतच्या पत्रात लिहिलं होतं की कल्पना चांगली आहे, पण बाराव्या प्रकरणात गोष्टीची पकड सुटते, नावाडिणीचं मरण गोष्टीत बसत नाही. गुरुजींनी ते पत्र इन्स्टिट्यूटमध्ये आणून बाईंना वाचून दाखवलं. "बराबर लिहिलं त्यानं," म्हणाले, "नाहीच बसत," आणि चहा मागवला. टाइप केलेल्या तीन प्रतींतली एक त्यांनी स्वतःकडे ठेवली, एक बाईंना दिली आणि तिसरी मुलीला.

पुढच्या वर्षीच्या दिवाळीच्या आसपास ताई एकटीच सदरला आली. हातात ती प्रत, पिशवीत गुंडाळलेली. बाईंनी मला लवकर सोडलं. आम्ही दोघी एका हॉटेलात जाऊन बसलो. फॅमिली रूम होती, पडदा लावलेली. मला वाटलं, ती पुस्तकाबद्दल बोलेल. पुस्तकाबद्दल ती एवढंच म्हणाली, की बाबा आता जेवताना मायचं काहीबाही सांगतात, आणि त्यातलं निम्मं चूक असतं.

"चूक म्हणजे?"

"अवं, मायले हिरव्या बांगड्या आवडतच नव्हत्या. लाल पाहात असंल ती. बाबांनं कधी तिच्या हाताकडं पाहिलं तर ना!"

मग ती सांगत सुटली. माय भांडायला कशी उभी राहायची, संक्रांतीला तिळगूळ कसा नेमका जळायचा, नवऱ्याच्या चित्रांना ती 'भिंत खराब केली' कशी म्हणायची, आणि शेजारणीला मात्र तीच चित्रं बोलावून बोलावून दाखवायची. मी ऐकत होते. मधेच ती रडली, मधेच इतक्या जोरात हसली की वेटरनं पडद्यातून डोकावलं. तिची चारची एसटी गेली. मी तिला तसं सांगितलं.

"जाऊ दे," ती म्हणाली, "पाचची आहे ना," आणि दोघींसाठी आणखी एकेक आलुबोंडा मागवला.